कर्मवीर कन्नमवार आणि त्यांच्या नावाची वसाहत

आपल्या रेल्वे स्टेशनच्या पाटीवर मूल-मारोडा अशी दोन गावांची नावे जोडून लिहिलेली आहेत. मारोड्याचे नाव निघाले की आपल्या भागातील वडील माणसे कै. मारोतराव कन्नमवार यांची आठवण काढल्याशिवाय राहत नाहीत. आपल्या मूल गावात त्यांच्या नावाचे सभागृह आहे. सभा-संमेलनांसाठी, सत्कारासाठी आपण तेथे पुष्कळदा जातो, दारावरचे नाव वाचतो आणि आत जाऊन बसतो. हेच नाव पार मुंबईस एका मोठ्या वसाहतीला दिलेले आहे. विक्रोळी स्टेशनवर उतरून पूर्वेस निघाले आणि ठाण्याकडे जाणारा द्रुतगती महामार्ग ओलांडला, की खाडीच्या अंगाला कन्नमवारनगर लागते. येथून नोकरीधंद्यासाठी मुंबईस गेलेल्या आपल्या मुलांनी बसच्या पाटीवर ते नाव खासच वाचले असेल आणि क्षणभर त्यांना गावाची आठवण झाली असेल.

परंतु आजच्या मुलीबाळींना विचारावे, की हे कन्नमवार कोण होते, तर त्या सभागृहाकडे बोट दाखवतील. फार तर मुख्यमंत्री होते एवढे सांगतील. यात त्यांचा दोष नाही. आपण वडीलधाऱ्यांनीच त्यांना सांगितले नाही. म्हणून मंडळाच्या वर्धापनदिनाच्या या स्मरणिकेत त्यांचे चरित्र थोडक्यात सांगण्याचे योजले आहे. त्यांच्या जीवनाबरोबरच त्यांच्या नावाने वसलेल्या वसाहतीची हकीकतही सांगणार आहे. कारण घर हा विषय आपणा स्त्रियांच्या जिव्हाळ्याचा आहे, आणि एका घर नसलेल्या समाजातल्या माणसाचे नाव हजारो घरांना मिळावे यात विचार करण्यासारखे पुष्कळ आहे.

मारोतराव सांबशिव कन्नमवार यांचा जन्म १० जानेवारी १९०० रोजी झाला. तो काळ मोठ्या दुष्काळाचा होता. १८९९-१९०० च्या त्या दुष्काळाने त्या वेळच्या मध्य प्रांतात माणसे आणि गुरेढोरे यांची फार हानी केली. अशा दिवसांत, तेव्हाच्या चांदा जिल्ह्यातील एका गरीब घरी हे मूल जन्माला आले. घर बेलदार समाजाचे. बेलदारांचा परंपरेचा व्यवसाय म्हणजे दगड फोडणे, ते घडवणे, मातीकाम करणे आणि बांधकामावर राबणे. विहिरी, बांध, वाडे आणि देवळे यांच्या दगडांवर या समाजाच्या हातांची खूण आहे. मात्र काम जेथे असेल तेथे बिऱ्हाड न्यायचे, काम संपले की पाल उचलून पुढच्या गावी जायचे, असा त्यांचा जन्म जात असे. दुसऱ्याचा वाडा उभा राहीपर्यंत त्याच्याच आवारात चूल मांडायची आणि वाडा उभा राहिला की तेथून निघायचे! अशा समाजातील मुलाच्या मनात घर या शब्दाचा अर्थ आपल्याहून निराळा असला पाहिजे.

मारोतरावांना उच्च शिक्षणाची संधी मिळाली नाही. पोटासाठी लहानपणापासून धडपड करावी लागली. चांद्याच्या रस्त्यांवरून त्यांनी वर्तमानपत्रे विकली, ही गोष्ट आपल्या जिल्ह्यात सर्वांना ठाऊक आहे. पुढे ते मुख्यमंत्री झाले तेव्हा वर्तमानपत्रे विकणारा मुलगा राज्याचा कारभारी झाला म्हणून तिचा फार गवगवा झाला. परंतु या कष्टाचा एक लाभही त्यांना मिळाला असला पाहिजे. जो मुलगा हातात वर्तमानपत्र घेऊन दारोदार फिरतो त्याला गावातले प्रत्येक दार माहीत होते, आणि देशात काय चालले आहे याची वार्ता त्याच्या कानावर इतरांच्या आधी पडते. महाविद्यालयाची पायरी चढता आली नाही तरी ही शाळा त्यांना लाभली.

गांधीजींच्या चळवळीने त्या काळच्या कितीतरी तरुणांना घराबाहेर काढले. १९२० च्या डिसेंबरात नागपूरला काँग्रेसचे अधिवेशन झाले आणि असहकाराचा ठराव तेथे कायम झाला. त्यानंतर १९२३ साली नागपुरास झेंडा सत्याग्रह झाला. १९३० साली मिठाचा सत्याग्रह समुद्रकाठी झाला, तर आपल्या मध्य प्रांतात रानातले गवत कापून जंगल सत्याग्रह झाला. या वातावरणात मारोतराव काँग्रेसच्या कामात पडले ते कायमचेच. स्वातंत्र्याच्या लढ्यात त्यांनी तुरुंगवासही सोसला. १९४२ च्या ऑगस्टमध्ये आपल्या जिल्ह्यातील चिमूर गावी जो उठाव झाला आणि नंतर तेथील भगिनींना जे भोगावे लागले, त्याची आठवण अजूनही अंगावर काटा आणते. त्या भगिनींच्या अब्रूसाठी प्रा. भन्साळी यांनी दीर्घ उपोषण केले होते. अशा जिल्ह्यात लोकांमध्ये राहून काम करणे म्हणजे सभा भरवणे एवढेच नसे. घरातला कर्ता तुरुंगात गेला तर त्याच्या घरी चूल पेटते की नाही, हेही कार्यकर्त्याला पाहावे लागे. लोकांनी कन्नमवारांना कर्मवीर ही पदवी दिली ती अशा कामातून.

नागपूर, वर्धा, भंडारा आणि चांदा या चार जिल्ह्यांचा मिळून काँग्रेसचा नागविदर्भ प्रांत होता. त्याचे अध्यक्षपद कन्नमवारांकडे आले. स्वातंत्र्यानंतर नागपूर राजधानी असलेल्या जुन्या मध्य प्रदेशाच्या मंत्रिमंडळात त्यांनी आरोग्य खाते सांभाळले. १९५६ साली विदर्भ द्विभाषिक मुंबई राज्यात गेला तेव्हा ते यशवंतराव चव्हाणांच्या मंत्रिमंडळात आले, आणि १ मे १९६० रोजी महाराष्ट्र राज्य स्थापन झाल्यावर बांधकाम व दळणवळण खात्याचे काम त्यांच्याकडे आले. दगड फोडणाऱ्या समाजातील माणूस राज्याच्या रस्ते-इमारतींचा मंत्री झाला! नशिबाचा हा खेळ म्हणावा, की लोकशाहीचा गुण म्हणावा, हे ज्याचे त्याने ठरवावे. आम्ही तर त्याला कष्टाचे फळ म्हणू.

येथे थोडे थांबून त्या काळच्या घरांच्या प्रश्नाकडे पाहिले पाहिजे, म्हणजे कन्नमवारनगरासारख्या वसाहतीचे महत्त्व ध्यानात येईल.

१८९६ साली मुंबईस प्लेग आला. दाट वस्ती, अंधाऱ्या खोल्या आणि तुंबलेली गटारे यांमुळे त्याने हजारो बळी घेतले. तेव्हा सरकार जागे झाले आणि १८९८ साली सिटी इम्प्रूव्हमेंट ट्रस्ट नावाची संस्था निघाली. या ट्रस्टने दादर, माटुंगा, वडाळा आणि शीव या बाजूच्या मोकळ्या जमिनी घेऊन तेथे आखीव वस्ती वसवण्याचा मोठा उपक्रम केला. आधी रस्ते, गटारे, बागा यांची आखणी आणि मग घरे, अशी ही उलटी वाटणारी परंतु शहाणपणाची रीत होती. हिंदू कॉलनी, पारशी कॉलनी या वस्त्या त्यातूनच उभ्या राहिल्या. शहराच्या बाहेर, मोकळ्या हवेत, आधी आराखडा काढून उपनगर वसवण्याचा आपल्या देशातील हा अगदी आरंभीचा प्रयोग होय. आपल्या नागपूरसही १९३६ च्या कायद्याने इम्प्रूव्हमेंट ट्रस्ट स्थापन झाला आणि आखीव लेआउट पाडण्याची पद्धत रुजली.

या वस्त्या पांढरपेशा माणसांच्या कामी आल्या. गिरणीतल्या कामगाराला त्यांचा उपयोग झाला नाही. त्याच्यासाठी १९२० नंतर वरळी, नायगाव, डिलाईल रोड आणि शिवडी येथे बी. डी. डी. चाळी बांधल्या गेल्या. एका कुटुंबाला एक खोली, संडास मजल्यावर सर्वांना मिळून. पहाटे उठून पाण्यासाठी रांग धरायची, बाळंतिणीने आणि म्हाताऱ्या सासूनेही सामायिक संडासाकडे जायचे, वयात आलेल्या मुलीने लुगडे बदलायचे तर घरातल्या पुरुषांनी गॅलरीत जाऊन उभे राहायचे, अशी तऱ्हा. चाळीत माया होती, शेजारधर्म होता, हे खरे. पण आडोसा नव्हता, आणि आडोशाची किंमत पुरुषापेक्षा बाईला अधिक ठाऊक असते.

स्वातंत्र्य आले तेव्हा फाळणीमुळे निर्वासितांचे लोंढे आले आणि घरांची टंचाई कळसास पोहोचली. त्या वेळी १९४८ च्या कायद्याने मुंबई राज्यात गृहनिर्माण मंडळ स्थापन झाले. विदर्भासाठी १९६० साली वेगळे विदर्भ गृहनिर्माण मंडळ झाले. केंद्र सरकारने १९५२ साली औद्योगिक कामगारांसाठी, १९५४ साली अल्प उत्पन्नाच्या लोकांसाठी आणि १९५९ साली मध्यम उत्पन्नाच्या लोकांसाठी घरांच्या योजना काढल्या. कामगारांच्या घरांच्या खर्चाचा काही भाग सरकारने मदत म्हणून द्यायचा आणि उरलेला कर्जाने उभारायचा, असा हिशेब होता. इकडे १९५० आणि १९५७ साली मुंबईची हद्द वाढून उत्तरेकडची उपनगरे बृहन्मुंबईत आली. विक्रोळीस गोदरेजसारखा मोठा कारखाना गेलेला होता, भांडुप-मुलुंडच्या बाजूस आणखी कारखाने निघत होते. कारखाने तेथे गेले म्हणजे कामगारांची घरेही तेथेच हवीत. म्हणून गृहनिर्माण मंडळाने कुर्ला, चेंबूर, घाटकोपर, विक्रोळी या पट्ट्यात वसाहतीमागून वसाहती बांधल्या. नेहरूनगर, टिळकनगर, पंतनगर, टागोरनगर अशी त्यांची नावे. एका नावात एकेका थोर पुरुषाची आठवण.

पुण्यास १२ जुलै १९६१ रोजी पानशेतचे धरण फुटून पूर आला आणि एका दिवसात हजारो कुटुंबे उघड्यावर पडली. त्यांच्यासाठी पुण्याच्या कडेला नव्या वसाहती वसवाव्या लागल्या. त्या वेळी कन्नमवार राज्याच्या मंत्रिमंडळात होते. घर जाणे म्हणजे काय, हे त्या मंत्रिमंडळातील ज्या थोड्या माणसांना पुस्तकाबाहेर कळत होते त्यांत त्यांची गणना करावी लागेल.

१९६२ च्या निवडणुकीत ते आपल्या शेजारच्या सावली मतदारसंघातून विधानसभेवर निवडून आले. त्याच वर्षी ऑक्टोबरात चीनने आपल्या सरहद्दीवर आक्रमण केले. संरक्षणमंत्री कृष्ण मेनन यांना पद सोडावे लागले आणि पंडित नेहरूंनी यशवंतराव चव्हाणांना दिल्लीस बोलावून घेतले. त्यांच्या जागी २० नोव्हेंबर १९६२ रोजी मारोतराव कन्नमवार महाराष्ट्राचे मुख्यमंत्री झाले. संयुक्त महाराष्ट्राचे ते दुसरे मुख्यमंत्री, आणि विदर्भातून झालेले पहिले.

या गोष्टीचे महत्त्व आज कदाचित ध्यानात येणार नाही. राज्य पुनर्रचना आयोगाने १९५५ साली वेगळ्या विदर्भाची शिफारस केली होती. पुढे विदर्भ महाराष्ट्रात आला तरी आपल्या लोकांच्या मनात शंका होतीच. मुंबई दूर, पुणे दूर. तेथल्या मोठ्या माणसांच्या गर्दीत आपले कोण ऐकणार, असे लोक म्हणत. राज्य होऊन तीन वर्षे होण्याच्या आत चांद्याचा माणूस मुख्यमंत्री झाला, तेव्हा त्या शंकेला थोडे तरी उत्तर मिळाले. अर्थात मुंबईच्या सुशिक्षित वर्तुळात सर्वांनाच हे रुचले असे नाही. त्यांचे शिक्षण, त्यांचा ग्रामीण पेहराव आणि बोलणे यांवरून नाके मुरडणारेही होते. कन्नमवारांनी त्याची तमा बाळगली नाही. आपण काय शिकलो नाही हे ते जाणून होते, आणि आपण काय पाहिले आहे हेही जाणून होते.

काळ मोठा कठीण होता. देशावर आणीबाणी होती, पैसा संरक्षणाकडे वळवावा लागत होता. संरक्षण निधीसाठी गावोगाव सभा झाल्या आणि आपल्या स्त्रियांनी अंगावरचे दागिने उतरवून दिले. जानेवारी १९६३ मध्ये केंद्र सरकारचे सुवर्ण नियंत्रण आले, चौदा कॅरटचे दागिने करण्याचा दंडक निघाला आणि सोनार समाजावर बेकारीची पाळी आली. महागाई होती, टंचाई होती. अशा दिवसांत राज्य चालवणे म्हणजे पुराच्या पाण्यात होडी सांभाळण्यासारखे. भंडारा आणि भद्रावती येथे संरक्षण खात्याचे कारखाने यावेत यासाठी त्यांनी जोर लावला, असे आपल्या भागात आजही मानतात. हे दोन्ही कारखाने पुढे उभे राहिले आणि त्यांच्याभोवती कामगारांच्या आखीव वसाहतीही वसल्या. भद्रावतीची वसाहत तर आपल्यापैकी पुष्कळांनी पाहिलेली आहे.

परंतु त्यांना काळ फार थोडा मिळाला. २४ नोव्हेंबर १९६३ रोजी, मुख्यमंत्रिपदावर असतानाच, त्यांचे निधन झाले. वय अवघे त्रेसष्ट. पदावर येऊन एक वर्ष आणि चार दिवस झाले होते. दोनच दिवसांपूर्वी अमेरिकेचे अध्यक्ष केनेडी यांची हत्या होऊन सारे जग हादरले होते. त्या गडबडीत आपल्या घरचे हे दुःख महाराष्ट्राला सोसावे लागले. बाळासाहेब सावंत यांनी काही दिवस कारभार पाहिला आणि ५ डिसेंबर १९६३ रोजी वसंतराव नाईक मुख्यमंत्री झाले. वसंतराव बंजारा समाजातले. म्हणजे ज्यांच्या पूर्वजांना गावात कायमचे घर नव्हते अशा दोन भटक्या समाजांतील दोन वैदर्भीय माणसांनी लागोपाठ महाराष्ट्राचे सर्वोच्च पद भूषवले. ही गोष्ट आपल्या मुलांच्या पाठ्यपुस्तकात ठळक अक्षरांनी असावयास हवी.

कन्नमवारांच्या पत्नीस सर्व लोक ताई म्हणत. पतीच्या मागे त्या घरात बसून राहिल्या नाहीत. तिसऱ्या लोकसभेच्या काळात त्या चांदा मतदारसंघातून निवडून आल्या आणि खासदार म्हणून दिल्लीस गेल्या. त्या काळी लोकसभेत स्त्रिया बोटांवर मोजण्याइतक्याच नसल्या तरी थोड्याच होत्या, आणि चांद्यासारख्या जंगलाच्या जिल्ह्यातून एका स्त्रीने तेथे जाणे ही लहान गोष्ट नव्हे. कार्यकर्त्याचा संसार म्हणजे काय असतो हे आपण जाणतोच. कर्ता माणूस तुरुंगात किंवा दौऱ्यावर, घरात पाहुण्यांची रीघ, आणि डब्यात पीठ आहे की नाही याची विवंचना एकट्या बाईला. पुरुषांच्या चरित्रात या भागाला चार ओळीही मिळत नाहीत. आम्ही तरी त्या ओळी गाळणार नाही.

साठच्या दशकात गृहनिर्माण मंडळाने विक्रोळीच्या पूर्वेस, महामार्गापलीकडे, जी नवी वसाहत उभारली तिला कन्नमवारांचे नाव मिळाले. आराखडा त्यांनी काढला नव्हता. तो मंडळाच्या अभियंत्यांचा. नाव हा त्यांच्या स्मृतीचा मान होता. पण ज्या योजनांतून अशी घरे झाली त्या योजना राबवणाऱ्या सरकारात त्यांनी वर्षानुवर्षे काम केले होते, आणि शेवटी त्याचे नेतृत्वही केले होते.

वसाहतीची रचना साधी होती. तीन-चार मजल्यांच्या बैठ्या घाटाच्या इमारती, प्रत्येकीला नंबर, दोन इमारतींमध्ये मोकळी जागा, मध्ये मैदाने, शाळा, बाजार आणि दवाखाना यांसाठी राखलेल्या जागा. पलीकडे खाडी आणि तिवरांचे रान. घरे लहान, एक खोली आणि स्वयंपाकघर अशा बेताची पुष्कळ. पण घरात स्वतःचा नळ, स्वतःची मोरी, स्वतःचा संडास आणि आतून लावता येईल अशी कडी. चाळीतून आलेल्या बाईला ही कडी किती मोलाची वाटली असेल! तिच्या दिवसातला पाण्याच्या रांगेतला वेळ वाचला आणि तो मुलांच्या अभ्यासाला, शिवणकामाला, नोकरीला मिळाला. घराचा नकाशा बदलला की बाईचा दिवस बदलतो. आरोग्य खाते सांभाळलेल्या कन्नमवारांना हे पटले असते, की दवाखान्याइतकेच औषध चांगल्या घरातही असते.

या वसाहतीत कोकणातला, घाटावरचा, खानदेशातला, आपल्या विदर्भातला माणूस शेजारी शेजारी राहू लागला. गणपती, हळदीकुंकू, भजनी मंडळे, व्यायामशाळा यांनी वसाहतीला गावपण आले. विकास विद्यालयासारख्या शाळा तेथे वाढल्या. महापालिकेने महात्मा फुले यांच्या नावाचे रुग्णालय काढले. भाडेकरू होते त्यांच्या सहकारी गृहनिर्माण संस्था झाल्या. १९६० च्या सहकारी संस्थांच्या कायद्याने त्यास बळ दिले. सामान्य माणूस भाड्याच्या खोलीतून स्वतःच्या संस्थेच्या सभासदत्वापर्यंत पोहोचला. १९७७ च्या डिसेंबरात राज्यातील निरनिराळी गृहनिर्माण मंडळे एकत्र करून म्हाडा स्थापन झाली आणि या वसाहतीही तिच्याकडे आल्या.

आता त्या इमारतींना पन्नास-साठ वर्षे झाली. खाडीच्या खाऱ्या हवेने सळया गंजतात, छताचे पापुद्रे पडतात. म्हणून जुन्या इमारती पाडून त्या जागी उंच मनोरे उभारण्याचे काम चालू आहे. कोणाला मोठे घर मिळाले, कोणाचे काम रखडले आणि भाड्याच्या घरात वर्षे काढावी लागली. ज्यांना मोठे घर मिळाले त्यांनाही वाढलेल्या देखभालीच्या खर्चाची चिंता आहे. मोकळ्या जागा, मैदाने यांचे काय होणार, हाही प्रश्न आहेच. एकदा आखून दिलेली वसाहत कायमची चांगली राहत नाही. तिची राखण तिथल्या रहिवाशांनाच करावी लागते.

आणखी एक उणीव सांगितली पाहिजे, नाहीतर हा लेख एकांगी होईल. अशी वसाहत उभी करताना दगड वाहणारे, खडी फोडणारे, डोक्यावर घमेली घेऊन शिडी चढणारे जे मजूर स्त्री-पुरुष होते, त्यांना त्या घरांत जागा मिळण्याचा मार्ग नव्हता. ठरावीक नोकरी नाही, ठरावीक पत्ता नाही, मग अर्ज तरी कोणत्या नावाने करायचा? त्यांची पाले इमारतीच्या कडेला लागली आणि इमारत पुरी झाली की उठली. कन्नमवारांच्या पूर्वजांची जी गत तीच त्यांचीही. कन्नमवारांचे नाव फाटकावर आले, पण कन्नमवारांसारख्यांचे बिऱ्हाड फाटकाबाहेरच राहिले. विमुक्त जाती व भटक्या जमातींसाठी यशवंतराव चव्हाण मुक्त वसाहत योजना २०११ साली निघाली. तीत वीस कुटुंबांची एकेक वसाहत, प्रत्येक कुटुंबास पाच गुंठे जागा आणि लहानसे घर, रस्ता, पाणी, वीज अशी तरतूद केली आहे. कन्नमवारांच्या मृत्यूनंतर सत्तेचाळीस-अठ्ठेचाळीस वर्षांनी का होईना, त्यांच्या समाजासारख्यांसाठी आखीव वसाहतीचा विचार कागदावर आला. कागदावरचे गावात उतरवणे हे काम अजून पुष्कळ बाकी आहे.

भगिनींनो, हे सारे विक्रोळीचे पुराण मूलमध्ये कशाला, असे कोणी विचारील. त्याचे उत्तर आपल्या गावाच्या कडेलाच आहे. धानाच्या बांध्या बुजून तेथे लेआउट पडत आहेत. चंद्रपूर आणि गडचिरोली या दोन जिल्ह्यांच्या रस्त्यावरचे आपले गाव वाढणारच. प्लॉट घेताना आपल्या घरातील पुरुष भाव विचारतात, रस्त्यापासूनचे अंतर विचारतात. आपण आणखी चार गोष्टी विचाराव्यात. लेआउटला मंजुरी आहे काय? जमीन अकृषक झाली आहे काय? पावसाचे पाणी कोठून जाणार? मुलांच्या खेळासाठी आणि मंडळाच्या सभेसाठी राखलेली मोकळी जागा नकाशात आहे काय, आणि नकाशात असेल तर ती जागेवर शिल्लक आहे काय? दादर-माटुंग्याच्या आखणीत शंभर वर्षांपूर्वी जे शहाणपण दाखवले गेले ते आपण आज सोडू नये.

दुसरे असे की घराच्या कागदावर आपले नाव असावे. २०१५ पासूनच्या पंतप्रधान आवास योजनेत घर कुटुंबातील स्त्रीच्या नावाने किंवा पतिपत्नींच्या संयुक्त नावाने करण्यावर भर आहे. ज्या भगिनींना असे घरकुल मिळाले असेल त्यांनी कागद एकदा काढून वाचावा. वाचता येत नसेल तर मंडळात घेऊन यावा, आपण मिळून वाचू. आणि आपल्या घराचे बांधकाम चालू असेल तेव्हा तेथे राबणाऱ्या बाईचे मूल कोठे निजते, तिला प्यायला पाणी आहे की नाही, एवढे तरी पाहावे. मारोतरावांची आई अशीच कोणाच्या तरी आवारात चूल मांडून बसली नसेल, असे कोण सांगेल?

पुढच्या वेळी आपण कन्नमवार सभागृहात जाऊ तेव्हा दाराशी क्षणभर थांबून बरोबरच्या मुलीला सांगू, की हे आपल्याकडचे गृहस्थ. यांनी वर्तमानपत्रे विकली, तुरुंग सोसला, राज्य चालवले, आणि पार मुंबईस हजारो बायकांच्या घराच्या पत्त्यावर आज यांचे नाव आहे. त्या मुलीच्या ध्यानात एवढे राहिले तरी या लेखाचे आणि आपल्या मंडळाच्या या स्मरणिकेचे सार्थक झाले असे आम्ही समजू.